कुलूपवाल्याचं चाउडर

मी एक जुनी, जाड बुडाची पातेली आहे. अंगावर दोन पोचे आहेत, एक कान ढिला आहे आणि डोक्यावरचं झाकण दुसऱ्याच कुणाचं तरी आहे. पण मित्रांनो, माझ्यात दूध कधी करपलं नाही, हे मी छाती ठोकून सांगते.

कारागिराने मला ठोकून ठोकून आकार दिला. फार दुखलं, पण तेव्हा विचारतंय कोण! मग मालकीणबाईंनी मला घरी आणलं. दर रविवारी त्या माझ्यात शिंपल्यांचं चाउडर करायच्या, म्हणजे कांदा, बटाटे आणि भरपूर साय घातलेलं दाट सूप. पाहुणे आले की आधी माझ्याकडे बघायचे, मालकीणबाईंकडे नंतर.

लेकीच्या लग्नात मी तिच्याबरोबर सासरी आले आणि माझं नशीब फुटलं. जावई कुलपं दुरुस्त करणारा. माणूस सज्जन, पण बंद वस्तू दिसली की त्याचे हात शिवशिवतात. त्याने मला माळ्यावर टाकलं आणि माझ्यात गंजक्या किल्ल्या भरल्या. ज्या पोटात साय खेळली, त्या पोटात किल्ल्या!

पुढे मालकीणबाई थकल्या आणि लेकीकडे राहायला आल्या. आठवड्याच्या आत भडका उडाला. त्यांच्या ट्रंकेची किल्ली सापडेना. त्या आंघोळीला गेल्या तेवढ्यात जावयाने ट्रंक उघडून ठेवली, आणि शाबासकी मिळेल म्हणून शेजारी उभाही राहिला.

“माझी ट्रंक, आणि मला न विचारता?” मालकीणबाई कडाडल्या. “उद्या सकाळच्या गाडीने मी चालले.”

लेकीच्या तोंडचं पाणी पळालं. गुडघे धरून चालणारी आई तिकडे एकटी राहणार कशी? ती नवऱ्याला म्हणाली, “अहो, घोळ तुम्ही घातलाय, आता रुसवाही तुम्हीच काढा.”

म्हणून जावयाने किल्ल्या ओतून मला घासलं आणि सासूबाईंचं आवडतं चाउडर करायला घेतलं. खोटं कशाला बोलू, गड्याने नीट केलं. शिंपल्या मिठाच्या पाण्यात ठेवून वाळू काढली, वाफ देऊन त्यांची तोंडं उघडली, सुटलेलं पाणी फडक्यातून गाळलं. लोण्यावर कांदा परतला, त्या पाण्यात बटाटे शिजवले, दूध ओतलं, शेवटी साय आणि शिंपल्यांचा गर घालून आच मंद केली. मी तर भरून पावले.

पण ओट्यावर तीन शिंपल्या तोंड मिटून पडल्या होत्या. शिजूनही न उघडणारी शिंपली टाकून द्यायची, हे मासेवालीने त्याला दहादा बजावलं होतं. तो ढवळायचा, त्यांच्याकडे बघायचा, परत ढवळायचा. आजवर त्याच्यापुढे काही बंद राहिलं नव्हतं. शेवटी खिशातून वाकडी तार निघालीच. ‘अरे बाबा, निदान बाजूला तरी सरक!’ मी मनातल्या मनात ओरडले. पण पातेलीचं ऐकतो कोण?

खट्! शिंपली उघडली, आणि तिच्यातला काळाकुट्ट, कुबट चिखल थेट माझ्या पांढऱ्याशुभ्र सायीत पडला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

चाउडरच्या वासाने आलेल्या मालकीणबाई दारातच उभ्या होत्या. जावयाच्या एका हातात तार, दुसऱ्या हातात शिंपली.

“आई,” तो रडवेला होऊन म्हणाला, “मला बंद काही बघवतच नाही हो. ट्रंकेचंही तसंच झालं. चुकलं माझं.”

मालकीणबाईंनी माझ्यात डोकावलं. ओठ आवळले, पण हसू काही आवरेना. खुर्ची धरून त्या इतक्या हसल्या, की लेक धावत आली.

“ती तार द्या इकडे,” त्या म्हणाल्या. “आणि जा, ताज्या शिंपल्या आणा. मी त्या रात्रभर पाण्यात ठेवते. चाउडर होईल उद्या दुपारी.”

“पण आई, तुझी सकाळची गाडी?” लेकीने भीत भीत विचारलं.

“मग ही पातेली कोणाच्या भरवशावर टाकून जाऊ? ह्यांच्या?”

मित्रांनो, मला त्या क्षणी काय वाटलं ते सांगता येत नाही. एवढंच सांगते, घरातल्या जुन्या भांड्यांना जपा. आम्हाला तारेच्या घासणीने खरवडू नका, आमच्यात किल्ल्या भरू नका. घरातलं कोण कधी रुसून निघेल याचा नेम नसतो, आणि नव्या चकचकीत भांड्यासाठी कोणी आपली गाडी चुकवत नाही.