घेराखालचा पाय

कसरतीत दोन घोड्या समोरासमोर सुसाट येऊन एकमेकींना चाटून जायच्या होत्या, त्या आदळल्या. ब्रिसेयदा दोन्ही पाय डावीकडे टाकून बसलेली. समोरच्या घोडीची छाती थेट तिच्या वाकलेल्या गुडघ्यावर बसली आणि पोर वाळूत फेकली गेली.

मेक्सिकोतल्या हालिस्कोच्या रिंगणात पडलेल्या मुलीने काय करायचं हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. उठायचं, घागरा झटकायचा, पुन्हा घोडीवर चढायचं. घेराखालचा पाय मात्र कुणाच्या नजरेस पडता कामा नये. ओब्दुलिया घोडीवर कसरती करणाऱ्या या मुलींची उस्ताद, शिवाय ब्रिसेयदाची आई. तिने कठड्यावरून आवाज दिला, "ऊठ गं! नखरे पुरे!"

"उठते, आई." ब्रिसेयदाने हात टेकून कंबर उचलली, आणि अशी किंचाळली की ओब्दुलिया कठडा ओलांडून धावलीच.

हाडं बसवणारे डोन फिदेन्सियो आधीच पोचले होते. "लचकलंय नुसतं. एक हिसका देतो, बसेल."

"आधी पाय बघा तरी!"

"इथे? अख्ख्या गावासमोर? डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

ओब्दुलियाने त्यांच्याच कमरेचा सुरा ओढला आणि घागरा टराटरा फाडला. गुडघा आत वळलेला, पाय दुसऱ्यापेक्षा आखूड. कठड्यावरचे पुरुष मुकाट्याने पाठ फिरवून उभे राहिले.

रुग्णवाहिकेतली डॉक्टरीण धावत आली. "ओढू नका! खुबा निखळलाय. मांडीच्या हाडाचं डोकं वाटीतून मागे सरकलंय, वाटीचा काठही फुटला असेल. पाऊल हलवणारी मोठी नस तिथूनच जाते. हिला उठवलं नाहीत ना?"

"मी उठवलं," ओब्दुलिया म्हणाली. तिला स्वतःच्या जिभेची शिसारी आली.

डॉक्टरिणीने बुटाच्या नाड्या कापून बूट अलगद काढला. "बाळ, चवडा वर उचल बघू."

ब्रिसेयदाने दात आवळले. कपाळावर घाम फुटला, मानेच्या शिरा ताठल्या.

"उचलला," ती म्हणाली.

पाऊल वाळूवर होतं तसंच पडलेलं.

"उचललाय ना, आई? सांग ना यांना!"

ओब्दुलियाने ते पाऊल दोन्ही हातांत घेतलं. ते ऊबदार होतं, आणि निपचित.

"उचललास गं, राणी," ती म्हणाली आणि ढसाढसा रडू लागली.