जेवणाच्या सुट्टीतली किल्ली

वकील विक्रांतने सुचेताबाईंना परोपरीने समजावलं होतं. "काकू, काकांना शिक्षा फार कडक झाली, एवढंच आपण म्हणू. किल्लीचा विषय काढूच नका. सच अपनी जगह, केस अपनी जगह." पण बाई कसल्या ऐकतायत! त्यांच्या नवऱ्याला, नरहर देवघऱ्यांना, निवृत्ती तोंडावर असताना बँकेने बडतर्फ केलं. पेन्शन, ग्रॅच्युइटी, सगळं गेलं, आणि त्याच धसक्याने माणूसही गेला. म्हणून बाईंनी बँकेवर दावा लावला होता. बाग सेवनिया वस्तीतल्या हळदीकुंकवाला बाई आल्या की बायका अजून बोलायच्या थांबत. पैसे मिळोत न मिळोत, आपला नवरा चोर नव्हता हे कोर्टाने म्हणावं, हाच त्यांचा हट्ट होता.

झालं होतं ते असं. नरहरांच्या बरखेड्याच्या शाखेत तिजोरीला दोन किल्ल्या. एक नरहरांकडे, दुसरी त्यांच्या सोबत काम करणाऱ्या दिगंबर काळमेघकडे. दोन्ही एका हातात कधी जायच्या नाहीत, हा बँकेचा नियम. आता नियम असेल हो; पण रोज एकाच डब्यातली भाजी खाणाऱ्या माणसासमोर किल्ली खिशात घालून जेवायला उठायचं, म्हणजे त्याच्या तोंडावर त्याला चोर म्हणायचं! तेव्हा ज्याला घरी जेवायला जायचं असेल तो आपली किल्ली दुसऱ्याच्या टेबलावर ठेवून जाई. वर्षानुवर्षं हेच चाललं, आणि साहेबांनाही ते ठाऊक होतं. अशाच एका दुपारी नरहर घरी जेवायला गेले असताना दिगंबरने एकट्याने तिजोरी उघडली आणि संध्याकाळी नोटांची एक गड्डी कमी भरली. ती कोणी नेली की मोजण्यातच घोटाळा झाला, देव जाणे. आजतागायत कळलेलं नाही.

चौकशी लागली तसा दिगंबर नरहरांच्या घरी येऊन ढसाढसा रडला. त्याच्या मुलीचं, अदितीचं लग्न ठरलेलं होतं. नरहर म्हणाले, "अरे, मी तर चाललोच आहे. मला फार तर ताकीद देतील." आणि या भल्या माणसाने सांगून टाकलं, की माझी किल्ली माझ्याकडेच होती, मोजणी माझी, चूक माझी. सुचेताबाई स्वयंपाकघरातून सगळं ऐकत होत्या. ताकीद कसली, घरच बसलं.

वर्षश्राद्ध झालं आणि बाई दिगंबरच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या. "भाऊजी, आता तरी बोला. तुमची अदिती सुखात आहे. माझ्या घरात काय उरलंय?" दिगंबरला नाही म्हणवेना.

कोर्टात साक्षीला उभा राहिला आणि तो एकूण एक खरं बोलला. नरहरची किल्ली त्या दुपारी माझ्याकडे होती, नरहर तिथे नव्हताच. बाईंचा ऊर भरून आला. बँकेच्या वकिलाने आवाजसुद्धा चढवला नाही. "उनकी चाबी आपके पास कब-कब रहती थी?"

"रोज," दिगंबर म्हणाला.

"यानी जाँच में देवघरेजी झूठ बोले?"

दिगंबरने एकदा बाईंकडे पाहिलं. "जी."

वकील खाली बसला. विक्रांतने कपाळाला हात लावला.

महिन्याभराने निकाल आला. गड्डीबद्दल कोर्टाने अवाक्षर काढलं नाही. देवघऱ्यांनी रोज नियम मोडला, वर चौकशीत खोटं सांगितलं, आणि हे त्यांच्याच साक्षीदाराने कबूल केलं आहे; तेव्हा बडतर्फी योग्य. नवऱ्याला चोर म्हणत होते लोक, आता कोर्टाने खोटारडाही ठरवला.

बाहेर दिगंबर स्कूटरपाशी उभा होता. त्याची पेन्शन का थांबवू नये, म्हणून बँकेची नोटीस त्यालाही आली होती. विक्रांतने बाईंना सांगितलं नसतं तर त्याने ते बोलूनही दाखवलं नसतं. बाईंना त्याच्याकडे बघवेना.

"नरहर असता तर त्याने मला बोलू दिलं नसतं, वहिनी," तो म्हणाला.

"ठाऊक होतं मला. दवाखान्यात त्यांनी माझा हात धरून वचन घेतलं होतं, दिगंबरला यात ओढायचं नाही म्हणून. मी हो म्हटलं होतं, भाऊजी."

दिगंबरने स्कूटर वळवली आणि म्हणाला, "बसा, घरी सोडतो." बाई त्याच्या मागे बसल्या आणि घर येईपर्यंत रडत राहिल्या.