गादी भरेपर्यंत

चिंचखेडचं संस्थान एवढं विशाल होतं, की नकाशावर बोट ठेवलं तर झाकून जायचं. संस्थान खालसा होऊनही जमाना लोटला, पण ही बातमी आसाराम कारभाऱ्याला कुणी रीतसर कळवली नव्हती. कारभार पिढीजात त्याच्या घराण्याकडं, आणि कारभाराबरोबर एक नेम: राजे वारले तर वारस गादीवर बसेपर्यंत कारभाऱ्यानं ते तोंडानं म्हणायचं नाही, डोळ्यांतून टिपूस काढायचं नाही. गादी रिकामी कळली की शत्रू चालून येतो. शत्रूची पोरं केव्हाच नागापूरच्या कारखान्यांत कामाला लागली होती, पण नेम तो नेम.

थोरल्या राजांचं हृदय थांबलं तेव्हा आसारामनं कोरड्या डोळ्यांनी सरण रचलं. लहानपणी दोघं एकाच ओढ्यात डुंबलेले. पुढं आसाराम जन्मभर त्यांच्यासमोर उभा राहिला, पण गप्पा ओढ्यातल्याच. सांत्वनाला आलेल्यांना तो सांगायचा, "राजे आराम करत्यात." लोक एकमेकांकडं बघायचे.

"अवो, रडा की जरा," बायको रंगुबाई म्हणाली. "छातीत दगड धरंल."

"अमृतराजे बसू दे गादीवर. मग बघ."

थोरल्या राजांचे चिरंजीव अमृतराजे कॅनडाहून दहाव्याला पोचले. गादीचं ऐकून कसनुसं हसले.

"आसारामकाका, आता कसली गादी? तुम्हीच बसा ना. पाय सुजलेत तुमचे."

"आमच्या घराण्याला उभं ऱ्हायाचं काम हाय, राजे."

"मग खुर्ची आणू?"

पोरगं मनानं चांगलं होतं. म्हणून तर भांडताही येईना.

राजे ओट्यावर बसले, प्लास्टिकच्या खुर्चीवर बसले, एकदा ट्रॅक्टरच्या मडगार्डवरसुद्धा बसले. आसाराम रोज सदरेवरची गादी झटकायचा, धुतलेली चादर अंथरायचा आणि शेजारी उभा राहायचा. तेराव्याचं जेवण झालं, पंगती उठल्या. गादीवर माशी तेवढी बसून गेली.

निघायच्या दिवशी गाडी दारात येऊन हॉर्न मारू लागली. अमृतराजे मोबाईलवर बोलत सदरेतून घाईनं निघाले. बुटाची नाडी सुटलेली. टेकायला काही दिसेना, म्हणून जवळ होतं त्यावर टेकले आणि वाकून गाठ मारू लागले.

आसारामला आधी धुतलेल्या चादरीवरचा बूट दिसला. मग गादी भरलेली दिसली.

त्यानं वाकून मुजरा केला. वाकलेला तसाच खाली बसला, राजांसमोर, जन्मात पहिल्यांदा. आणि हंबरडा फोडला.

अमृतराजांनी घाबरून फोन बाजूला ठेवला. "काका, अहो, काय झालं?"

"राजे गेले वो," आसाराम म्हणाला.