उजेडाच्या चक्कीत गेलेली शिट्टी

ओळखलंत का मला, मित्रांनो? नाही ना? कसं ओळखणार! दवाखान्याच्या तळघरात, पाण्याच्या टाकीशेजारी, अंगावर गंजाचे चट्टे घेऊन बसलेली मी. कागदोपत्री माझं नाव 'जादूपासून वीज बनवणारं यंत्र' असं लांबलचक आहे. ते म्हणेपर्यंत माणसाला धाप लागते, म्हणून सगळे मला नुसतं चक्की म्हणतात.

तुमच्या घरातल्या जादूच्या वस्तू कधी ना कधी थकतात. उडणारी सतरंजी जमिनीवरून उठेनाशी होते. हरवलेलं शोधून देणारा आरसा आपलंच तोंड दाखवत बसतो. तरी त्यांच्या तळाशी चिमूटभर जादू उरलेली असते. ती मी दळते. वस्तू वरून टाकली की पोटातली तीन तांब्याची चाकं फिरतात, जादूची वीज होते आणि वस्तूचं रिकामं टरफल खालच्या ट्रेमध्ये पडतं. त्या विजेवर वरचे सगळे दिवे आणि पंखे चालतात.

मला दोघा भावांनी घडवलं. थोरला तांबट, धाकटा घड्याळजी. दोघांचं एका खिळ्यावरही एकमत नसायचं. एकदा थोरला म्हणाला, "हिला तोंड दिलंस, मग जीभ का नाही दिलीस?"

"जीभ दिली तर काम कधी करणार? तुझ्यासारखी दिवसभर बडबडत बसेल!"

तेव्हा मलाही हसू आलं होतं. आता येत नाही.

बावीस वर्षं मला दवाखान्याच्या जुन्या चालकाने चालवलं, सगळे त्यांना काका म्हणायचे. माणूस खडूस, पण हात सोन्याचा. ते प्रत्येक वस्तू उघड्या तळहातावर ठेवायचे आणि दहापर्यंत मोजायचे. थंड लागली तर माझ्या तोंडात. कोमट लागली तर मात्र ती अजून कुणाच्या तरी जिवाभावाची आहे, असं समजायचं. मग गुडघे दुखत असले तरी काका जिना चढून वर जायचे. "अरे, हा कंगवा कुणाचा? जित्ताजागता कंगवा टाकून देता, लाज नाही वाटत?" असं ओरडत सगळ्या खोल्या फिरायचे.

त्यामुळे वरची माणसं निर्धास्त झाली. खाटेखाली, चादरीत काहीही सापडलं की टाक चक्कीकडे जाणाऱ्या टोपलीत. खाली काका बघतातच की!

मग काका निवृत्त झाले आणि नवा चालक आला. तो वाईट नव्हता हो. पहिल्याच दिवशी त्याने माझी जळमटं काढली, चाकं पुसली. काकांनी शिकवल्याप्रमाणे तो प्रत्येक वस्तू हातात धरून दहापर्यंत मोजायचासुद्धा, एकही आकडा न गाळता. फक्त ऑफिसने त्याला जाड रबरी हातमोजे दिले होते आणि ते काढायचे नाहीत, असा कडक नियम होता. मोज्यातून त्याला काय कळणार, कपाळ? सगळंच थंड!

मला तारांमधून वरचं सगळं ऐकू येतं. मुलांच्या खोलीत एक आठ वर्षांची पोर तीन महिने पाय प्लास्टरमध्ये घालून पडली होती. तिला सगळे चिमणी म्हणायचे. तिचे बाबा ट्रक चालवायचे. गल्लीच्या वळणावर आले की तिथूनच हाक मारायचे. ते गेल्या वर्षी वारले. पण ती हाक त्यांनी आधीच एका लाकडी शिट्टीत भरून ठेवली होती. रोज संध्याकाळी दिवे लागले की चिमणी शिट्टी फुंकायची आणि आवाज यायचा, "चिमणे, आलो गं!" मग ती शहाण्यासारखी औषध घ्यायची. ती शिट्टी तिचा जीव की प्राण होती.

एके दुपारी ती शिट्टी उशीच्या अभ्र्यातून धुण्यात गेली. धोबीणमावशींनी ती टोपलीत टाकली. काका बघतीलच, या जुन्या सवयीने.

नव्या चालकाने ती उचलली. मोजे घातलेल्या हाताने दहापर्यंत मोजलं आणि माझ्या तोंडात सोडली.

मित्रांनो, ती गरम होती. नुकत्याच उतरवलेल्या भाकरीसारखी गरम! मी ओरडणार कशाने? मला फक्त थरथरता येतं. मी सगळा जीव एकवटून थरथरले, टाकीसुद्धा हादरली. तो धावत आला आणि म्हणाला, "बाईसाहेबांना वंगण हवंय वाटतं." त्याने प्रेमाने वंगण घातलं. चाकं आणखी जोरात फिरली. माझ्या पोटात एकदाच आवाज आला, "चिमणे, आलो गं!" त्या खडखडाटात तो दुसऱ्या कुणालाही ऐकू गेला नाही.

त्या संध्याकाळी असे दिवे लागले की विचारू नका! "वा, काय लख्ख उजेड पडलाय! नव्या माणसाच्या हाताला गुण आहे हो," परिचारिका म्हणाली. बावीस वर्षांत माझं एवढं कौतुक कधी झालं नव्हतं. आणि त्याच उजेडात चिमणी उशी उलटीपालटी करून शिट्टी शोधत होती.

शेवटी तिची आई खाली आली. "भाऊ, लाकडाची शिट्टी आली का हो इथे?"

चालकाने ट्रेकडे पाहिलं. त्याने पहिल्यांदाच मोजे काढले, शिट्टी तळहातावर घेतली आणि दहापर्यंत मोजलं. मग पुन्हा एकपासून मोजलं. तिसऱ्यांदा मोजायला लागला तेव्हा चिमणीची आई म्हणाली, "राहू द्या, भाऊ." आणि शिट्टी घेऊन जिना चढून गेली.

आता तो मोजे खुंटीला टांगून काम करतो. वरातीमागून घोडं! पण मी कोणत्या तोंडाने बोलू? दळलं तर मीच.

मित्रांनो, कुणाची वस्तू टाकण्याआधी ती उघड्या हातावर घ्या आणि दहापर्यंत मोजा. दुसरं कुणीतरी बघेल, असं म्हणू नका. माझ्यासारख्यांना थांबता येत नाही हो, तुम्हाला येतं.

चिमणी अजून रोज संध्याकाळी शिट्टी फुंकते. नुसतं फुर्र वाजतं. "आई, बाबांचा आवाज कुठे गेला गं?" ती विचारते. मला माहीत आहे, बाळा. त्या संध्याकाळी तुझ्या डोक्यावरचा दिवा इतका लख्ख लागला होता ना, तिथे गेला.