रखमेच्या हातातला हात

या, असे जवळ सरका. देवादिकांचं आख्यान रोजच ऐकता. आज लालबागच्या चाळीतल्या एका खोलीचं ऐका. गाठीच्या तापानं, प्लेगनं, निम्मी मुंबई ओस पाडली, त्या वर्षाचं.

“आसा मा तो तुझ्या हातात?” पुतळाबाईनं चुलीपाशी बसल्या बसल्या सुनेला विचारलं.

रखमा डाव्या हातानं तांदूळ निवडत होती. उजवा हात मांडीवर पडलेला, निळसर, गारठलेला.

“सांग गो. आसा?”

“आसा, आये.”

“झील माझो,” म्हातारी म्हणाली. “पोटात मी वागवलंय. आणि हात धरल्यान तुझो!”

त्या साथीत हे घरोघर चाललं होतं. माणूस स्मशानात पोचवून आलं, की घरातल्या कुणा एकाचा हात बर्फासारखा पडे. दिसत काही नसे, पण बोटांत बोटं गुंतल्याचं कळे. मेलेलं माणूस एकाचाच हात धरी, आणि कुणाचा धरावा ही त्याची मर्जी. सख्खे भाऊ एकमेकांचे हात चाचपून बघत, आणि त्यावरून घरं फुटत. सोडवायचा उपाय एकच होता. ज्याचा हात धरला असेल, त्यानं मेलेल्याचं नाव घेऊन ‘जा’ म्हणायचं.

शेजारच्या काशीबाईचा हात तिच्या नवऱ्यानं धरला, तो तिनं लगेच सोडवून घेतला. “जितो होतो तेवा कधी हात धरूक नाय मेल्यान,” ती नळावर सांगत होती, “आणि आता मी भाकऱ्या थापतंय तर धरता! म्हटलंय, लवू, जा बाबा, तुका सुट्टी!”

बायका तोंडाला पदर लावून हसल्या. पुतळाबाई तेवढी थुंकली. “घोवाचा नाव घेता! जीभ झडतली हिची.”

रखमानं हात सोडवला नव्हता. गिरणीत तुटलेल्या सुताची गाठ एका हातानं मारता येईना, म्हणून बायांच्या कामावर देखरेख करणाऱ्या नायकिणीनं तिला घरी बसवलं. तरी सोडवला नाही. साथीत गेलेला तिचा नवरा कुशाबा जिवंतपणी चारचौघांत तिच्याशी बोलतसुद्धा नसे. देवळात कीर्तनाला निघाला की तो पुढे, ती कितीतरी मागे. परतताना अंधाऱ्या जिन्यात मात्र तो मागे हात करी आणि ती धरी. खोलीचं दार आलं की हात सुटे. नऊ-दहा पायऱ्यांचा काय तो संसार. आता तो हात सुटत नव्हता, आणि तेवढ्यासाठी ती अर्धी लुळी राहायलाही राजी होती.

एका सकाळी म्हातारी उठेना. रखमानं कपाळाला डावा हात लावला, तर चटका बसला. तेवढ्यात खाली चौकात बूट वाजले आणि काशीबाई धावत आली.

“रखमा, तपासणी इली गो! सोल्जर आसत, डागदर आसा. म्हातारेक लपव!”

“खय लपवू?” खोली एवढीशी. साधा माळासुद्धा नव्हता.

ताप निघाला की डोलीत घालून साथीच्या इस्पितळात नेत. या चाळीतून डोलीत गेलेलं अजून कुणी परतलं नव्हतं. पुतळाबाईनं सुनेचा पदर मुठीत धरला. “माका धाडू नको गो. थय पाणी कोण देतलो माका? हयच मरू दे.”

रखमानं आपला गार तळवा तिच्या कपाळावर दाबला. उपयोग होईना. तो गारवा एकट्या रखमेचा होता, दुसऱ्याला पोचत नसे.

बूट जिन्यावर आले. म्हातारी गेली तर खोलीत दोघंच उरू, आपण आणि हा हात, असा विचार रखमेच्या मनात आला. तिनं तो झटकला नाही. पुरता पाहिला.

म्हातारी तापात बरळू लागली होती. “कुशा... बाळा कुशा...” तिचा हात हवेत चाचपडत होता.

आणि रखमेच्या हातातली बोटं हलली.

तो ऐकत होता. त्याला जायचं होतं. पण धरलेला हात आपण होऊन सोडण्याची मुभा मेलेल्यांना नसते. तो आपल्यापाशी राहिला होता की नुसता अडकला होता, हे तिला आता कधीच कळणार नव्हतं.

नवऱ्याचं नाव घेतलं की त्याचं आयुष्य कमी होतं, असं ती लहानपणापासून ऐकत आली होती. आयुष्य तर संपलंच होतं. उरला होता तो एवढा गारवा. नाव घेतल्यावर तो आईकडे जाईल, की कायमचाच जाईल, हे तरी कुणाला ठाऊक? तिनं म्हातारीच्या तापल्या हातात आपला हात ठेवला.

दार ढकललं गेलं. टोपीवाले आत शिरले.

“कुशाबा,” रखमा मोठ्यानं म्हणाली. “आयेकडे जावा.”

डॉक्टरनं घाईघाईनं म्हातारीचं तेवढं मनगट धरलं; ते आता बर्फासारखं पडलं होतं. “ठंडी है,” तो म्हणाला, आणि बूट पुढच्या खोलीकडे गेले.

दिवस मावळेपर्यंत म्हातारीचा ताप उतरला. शुद्धीवर आली ती आपला निळा पडलेला हात बघून रडली, मग हसली, मग तिनं शेजारीपाजारी गोळा केले.

“इलो गो! माझो झील माझ्याकडे इलो! आणि ह्या सुनेन काय केल्यान म्हायत आसा? सोल्जरांच्या देखत घोवाचा नाव घेऊन हाकलल्यान त्येका! बापडो खय जातलो? आवशीकडेच येतलो मा!”

काशीबाई रखमेकडे बघत राहिली. “गो, तू बोलत कित्याक नाय?”

“काय बोलू?” रखमा चूल फुंकत म्हणाली. “नाव घेतलंय, ह्या खरा.”

गिरणीनं तिला परत घेतलं. बोटं पूर्वीसारखी झरझर चालू लागली. संध्याकाळी ती पेज शिजवी आणि वाटी सासूच्या ओठांना लावी, कारण म्हातारीचा उजवा हात आता कामाचा नव्हता. रखमा बसे ती त्याच बाजूला, पण अगदी लगटून नाही. दोघींच्या मध्ये एक माणूस बसेल एवढी जागा सोडून बसे.

संध्याकाळी देवापुढे दिवा लावाल तेव्हा गेलेल्यांची नावं घ्यालच. त्यांत एक नाव रखमेचं घ्या. तिचं नाव घ्यायला तिच्या घरात कुणी उरलं नाही.