रांजणातलं घाला

मी टोप बोलतोय. एनॅमलचा, बाहेरून पांढरा, पोटावर निळी फुलं असलेला. आता निम्मी फुलं झिजलीत आणि एक कान वाकडा झालाय. पण कधीकाळी कोरियातल्या गुन्सानच्या बंदराजवळच्या दुकानात मी काचेमागे उभा असायचो आणि येणाऱ्या-जाणाऱ्या बायका थांबून माझ्याकडे बघायच्या, हे अगदी खरं आहे.

माल्सुन नावाच्या मुलीचं लग्न ठरलं तेव्हा तिच्या आत्याने मला विकत घेतलं. नव्या घरात माझ्याकडे एकच काम आलं: सोया सॉसमध्ये काही ना काही मंद आचेवर आटवत राहायचं. कधी काळे सोयाबीन, कधी कमळकाकडी, कधी बटाटे. भात आणि सूप दुसऱ्या भांड्यांकडे. त्यांची सदा घाई. माझं काम सावकाशीचं, त्यामुळे मला घरातलं सगळं ऐकायला आणि त्यावर विचार करायला भरपूर वेळ मिळायचा.

या सगळ्यात मान जांगजोरिमचा, म्हणजे सोया सॉसमध्ये आटवलेल्या मांसाचा. मांस आधी नुसत्या पाण्यात मऊ शिजवायचं आणि मगच सॉस ओतायचा. घाई केली तर मांस चिवट होतं. मग लसूण, लाव्याची उकडलेली अंडी, शेवटी हिरव्या मिरच्या. गार झाल्यावर माल्सुन हाताने मांसाचे लांब दोरे काढायची. भाताबरोबर एक दोरा खाल्ला की पाहुणे मान डोलवायचे.

"काही म्हणा वहिनी, तुमच्या रांजणातल्या सॉसला तोड नाही!"

अंगणातल्या ओट्यावर सासूबाईंच्या वेळचा रांजण होता. माल्सुन त्यात घरचा सॉस मुरवायची. पाहुण्यांचं ऐकून ती नुसती हसायची. मलाही हसू यायचं, कारण रांजणातला सॉस माझ्यात कधी पडलाच नव्हता. तो सुपासाठीचा, दिसायला फिका आणि चवीला भयंकर खारट. माझ्यात यायचा तो दुकानातला, काळसर, जरा गोडूस. त्याची बाटली सिंकखाली तांदळाच्या पिशवीमागे असायची. हे दोघांनाच ठाऊक होतं, तिला आणि मला.

मागच्याच्या मागच्या हिवाळ्यात रांजणावरचा बर्फ झाडायला म्हणून ती ओट्यावर चढली आणि घसरली. खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन नीट झालं, पण तिने खाणंच सोडलं.

तिची लेक यॉन्जू दवाखान्यातून आली ती स्वयंपाकघरात येऊन मटकन बसली. "बाबा, डॉक्टर म्हणतात, पोटात काही गेलं नाही तर ताकद येणार नाही. आणि ताकद आली नाही तर आई परत उभी राहणार नाही."

"खायला काय देतात?" माल्सुनच्या नवऱ्याने, पिल्गूने विचारलं.

"तांदळाची पेज. दोन चमचे घेते आणि भिंतीकडे तोंड फिरवते. म्हणून विकतचं जांगजोरिम नेलं. तर म्हणते, हे कोणाच्या घरचं आणलंस? घेऊन जा."

पिल्गूने जन्मभर बस चालवली. गॅस पेटवायचा तो फक्त नूडल्ससाठी. पण दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने मला फळीवरून खाली काढलं. मांस शिजवलं, तेही बरं शिजवलं. मग वाडगा घेऊन तो अंगणात गेला. माल्सुनच्या तोंडी जायचं ते तिच्या रांजणातलंच हवं, असा त्याचा साधा हिशेब. सॉस ओतला, तर रंग काही येईना. तिचं कसं गडद तपकिरी व्हायचं! म्हणून त्याने आणखी एक वाडगा आणला. मग आणखी एक. टोपाला ओरडता आलं असतं तर त्या सकाळी मी सगळी गल्ली गोळा केली असती. आणि पहिला घास तिचाच म्हणून या गृहस्थाने चाखूनही पाहिलं नाही.

गुलाबी कापडात मला गाठोड्यासारखं बांधून तो बसने दवाखान्यात गेला. वाटभर मी त्याच्या मांडीवर होतो.

"मला नको," माल्सुन म्हणाली. किती वाळली होती ती! मला बघवेना.

"अगं, एक दोरा तरी. मी केलंय."

तिने दोरा तोंडात घातला. मीठच मीठ! तिचे डोळेच विस्फारले. तिने पेजेचा वाडगा ओढला आणि भराभर चमचे तोंडात घातले.

"अहो! हे कुठल्या सॉसमधलं?"

"तुझ्या रांजणातलं. विकतचं बिकतचं नाही."

ती हसायला लागली. खुबा दुखायला लागला तरी हसणं थांबेना. "अहो, जांगजोरिमला रांजणातला सॉस घालतात का कधी! बाटली आहे ना सिंकखाली, तांदळाच्या मागे."

"म्हणजे इतकी वर्षं लोकांना फसवलंस?"

"मी कुठे म्हणाले रांजणातलं? ते म्हणायचे, मी हसायचे."

शेजारच्या खाटेवरची म्हातारी म्हणाली, "मलाही द्या की जरा."

"घ्या, पण पेज जवळ ठेवा," माल्सुन म्हणाली आणि तिने दुसरा दोरा उचलला. त्याच्यामागून पुन्हा पेज. दोरा आणि पेज, दोरा आणि पेज, असं करत वाडगा रिकामा झाला. पिल्गू त्या वाडग्याकडे बघत राहिला. मग खिडकीकडे तोंड करून उभा राहिला. तो रडत होता.

आता माल्सुन काठी घेऊन घरात फिरते. माझ्यासमोर पिल्गू उभा असतो आणि ती मागे स्टुलावर बसून हुकूम सोडते. "आच कमी करा. बस नाही ती, पळवायला!" एकदा त्याच्या हातून मी करपलो, तळाचं एनॅमल उडालं. तेव्हापासून यॉन्जूने आणलेला नवा काळा टोप फळीवर माझी जागा अडवून बसलाय. ती मला टाकून द्या म्हणते. तिचं चुकतं असंही नाही. पण माझी एक विनंती आहे, थोडं थांबा.

कारण अजूनही काही दिवस असे येतात की माल्सुनचं मन लागत नाही आणि ताटातला भात तसाच राहतो. मग पिल्गू स्टूल ओढून तिच्यासमोर बसतो. शेवटी ती म्हणते, "अहो, आज रांजणातलं घाला."

तो वाडगा घेऊन ओट्याकडे जातो. मी गॅसवर वाट बघतो. ताटातला तो भात तिच्या पोटात जाऊ दे, मग मला खुशाल भंगारात काढा.