काचेला मुदत

तपासणी केंद्रात गाड्यांच्या काचा तपासणाऱ्या बाईला सगळे काचेश्वरी म्हणत. शेजारच्या रांगेत ब्रेक तपासणाऱ्या सहकाऱ्यानं हे नाव पाडलं होतं. ती वरवर नाक मुरडायची, पण मनातून तिला ते आवडायचं. तिच्या हातात एक दोन तुकड्यांचं यंत्र असे. एक तुकडा काचेच्या आतून लावायचा, दुसरा बाहेरून, की काचेतून किती उजेड आरपार जातो त्याचा आकडा दिसे. पुढच्या काचेतून शंभरातले सत्तर भाग तरी उजेड आत आला पाहिजे, असा नियम होता. वरच्या कडेला वीतभर रंगीत पट्टी चाले. दारांच्या आणि मागच्या काचांना थोडी ढील होती, आणि डॉक्टरांचं पत्र असेल तर आणखी थोडी. पुढच्या काचेला मात्र कुणाच्याच पत्रानं सूट नव्हती.

लोक हुज्जत घालत. कुणाच्या बाळाला ऊन लागे, कुणाच्या काचा गाडी घेतली तेव्हापासूनच काळ्या असत. एकानं तर सांगितलं होतं, "सासूबाई शेजारी बसतात हो, आणि रस्त्यावर दिसेल त्याला हात करतात. काळी काच नसेल तर मी घरी कधी पोचायचो?" काचेश्वरी सगळ्यांचं शांतपणे ऐकून घ्यायची आणि म्हणायची, "सगळं पटलं. आता काचेवरची फिल्म काढा."

पण ती अडवणूक करणारी नव्हती. फिल्म जागेवर काढायला लावायची की मुदत द्यायची, हे ठरवणं तिच्या हातात असे आणि ती बहुतेकांना मुदत देई. सासूवाल्यालाही दिली होती.

तिचा नवरा गाडी शिकवायचा. त्याला सगळे मास्तर म्हणत. दोन्हीकडे ब्रेक असलेली एक जुनी गाडी आणि न संपणारा धीर, एवढंच त्याचं भांडवल. रात्रीच्या जेवणाला तो दिवसभराच्या शिकाऊंच्या गमती सांगे. वळण आलं की डोळे मिटणारा बँकेतला कारकून, रिव्हर्स घेताना श्वास रोखून धरणाऱ्या आजी. काचेश्वरी हसून हसून पाणी प्यायची. लग्नाला इतकी वर्षं झाली तरी त्यांच्या जेवणाला कधी रेडिओ लागला नव्हता.

मग सूरवाली आली.

ही बाई पियानो सुरात लावून द्यायची. शाळांत, हॉटेलांत, लोकांच्या घरी. तिशी ओलांडलेली, एकटी राहणारी. तिला उन्हाचा आजार होता. थोडा वेळ जरी कातडीला ऊन लागलं की चट्टे उठत, अंग सुजे, ताप चढे. इतके दिवस ती हत्यारांची जड पेटी घेऊन बसनं, तीही दिवस कलल्यावर, हिंडायची. आता स्वतःची गाडी हवी होती. तिचा वर्ग अर्थातच सूर्य मावळल्यावर.

"अगं, कमाल आहे बाई," मास्तर पहिल्याच आठवड्यात म्हणाला. "गिअर कधी बदलायचा हे मी सांगायच्या आधी तिला कळतं. म्हणते, सर, इंजिनाचा सूर चढला, आता उतरवायला हवा. इतकी वर्षं शिकवतोय, पण हे कधी माझ्या कानावर आलं नव्हतं!"

"वा," काचेश्वरी म्हणाली आणि पाण्याचा तांब्या जरा जोरात खाली ठेवला.

दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. तिचा हात किती हलका, ती चुकली की स्वतःलाच कशी हसते. मास्तर सांगत होता आणि त्याचा चेहरा दिवा लावल्यासारखा उजळत होता. काचेश्वरीनं तो चेहरा पाहिला आणि भाजीचं भांडं उचलून आत नेलं. वळणाला डोळे मिटणारा कारकून त्या आठवड्यात जेवणाच्या गप्पांत एकदाही आला नाही.

यात आणखी एक जुनं ठसठसणं होतं. लग्न झाल्या झाल्या मास्तरनं तिलाही शिकवायला घेतलं होतं. तिसऱ्याच दिवशी चौकात गाडी बंद पडली, मागून हॉर्न वाजायला लागले आणि साऱ्या जगाशी धीरानं वागणारा हा माणूस बायकोवर खेकसला, "तुला सांगितलेलं ऐकूच येत नाही का?" ती तिथेच दार उघडून उतरली आणि बसनं घरी आली. नंतर दोघांनीही तो विषय काढला नाही. दिवसभर लोकांच्या गाड्या पास-नापास करणारी ही बाई अजून बसनंच कामावर जायची. आणि जो धीर तिच्या वाट्याला तीन दिवसही आला नव्हता, तो त्या दुसरीला रोज संध्याकाळी भरभरून मिळत होता.

ती टोचून बोलायला लागली. "आज काय म्हणाला तुमचा पियानो?" किंवा, "आमच्या कानाला काय, कुकरची शिट्टी तेवढी कळते." मास्तर आधी हसला, मग गप्प बसला, मग त्यानं सूरवालीचं नाव काढणंच सोडलं. तिच्याबरोबर बाकीच्यांचं नावही सुटलं. जेवताना दोघं ताटाकडे बघत जेवू लागली. एक दिवस त्यानं उठून रेडिओ लावला.

काचेश्वरीनं त्या गप्प बसण्याचा सरळ अर्थ लावला. काही नसतं तर बोलला असता. लपवण्यासारखं आहे म्हणून लपवतोय. सूरवाली परीक्षा पास झाली हे तिला दुसऱ्याच कुणाकडून कळलं. वर्ग संपले, तरी सुट्टीच्या दिवशी मास्तर बाहेर पडला. "एक जुनी गाडी बघायला जातोय, ओळखीच्यांसाठी," म्हणाला. ओळखीचे कोण, हे तिनं विचारलं नाही आणि त्यानं सांगितलं नाही. संध्याकाळपर्यंत ती कपाटं आवरत राहिली. आवरलेलं कपाट पुन्हा काढून पुन्हा आवरलं.

काही दिवसांनी, भर दुपारी, तिच्या रांगेत एक फिकट निळी छोटी गाडी आली. जुनी गाडी नव्या मालकाच्या नावावर करायची तर तपासणी लागते, त्यासाठी. दारांच्या आणि मागच्या काचा काळ्या आणि पुढची काच कडक चहाच्या रंगाची. दार उघडून बाई उतरली. रुंद टोपी, मानेला गुंडाळलेला रुमाल, कोपरापर्यंत हातमोजे. काचेश्वरीला कुणी सांगायची गरज पडली नाही.

ही दिसायला इतकी साधी असेल असं तिला वाटलं नव्हतं. त्यामुळे तिचा राग आणखीच वाढला. रूप असतं तर एक वेळ समजून घेता आलं असतं.

तिनं यंत्र लावलं. बत्तीस.

"पुढची काच नापास," ती म्हणाली.

"माझ्याकडे डॉक्टरांचं पत्र आहे." सूरवालीनं ते पुढे केलं.

"ते बाजूच्या काचांना चालतं. पुढच्या काचेला नाही."

"मला वाटलं सगळ्याच काचांना... बरं, मग काढून घेते. किती दिवसांची मुदत असते?"

ब्रेकवाला पलीकडून ऐकत होता. त्याच्या हिशेबी हा प्रश्न सुटल्यातच जमा होता. काचेश्वरीनं क्षणभर आपल्या हातातल्या शिक्क्याकडे बघितलं.

"मुदत नाही. जागेवर काढायची."

"आत्ता? या उन्हात?" सूरवालीचा आवाज बारीक झाला. "मग निदान गाडी संध्याकाळपर्यंत इथेच ठेवू द्या. अंधार पडला की घेऊन जाते."

"आवारात गाड्या ठेवता येत नाहीत. नियम आहे."

तोही नियम होताच. तिनं सांगितलेलं एकही वाक्य खोटं नव्हतं. केंद्रातल्या माणसानं वाफ मारून फिल्म सोडवली. ती ओल्या सालीसारखी लोंबत खाली आली आणि गाडीच्या आत पांढरंशुभ्र ऊन शिरलं. सूरवालीनं टोपी खाली ओढली, रुमाल नाकावर घेतला. डोळे तर झाकता येणार नव्हते, गाडी चालवायची होती. ती गेली तशी काचेश्वरीला छातीत एक गार, गोड समाधान वाटलं. ते फाटकाच्या बाहेर गाडी दिसेनाशी होईपर्यंत टिकलं.

ब्रेकवाला हात पुसत आला. "आज काय झालं गं काचेश्वरी? सासूवाल्याला दिलीस आणि हिला नाही?"

"तू तुझे ब्रेक बघ."

दोन दिवसांनी मास्तर घरी आला तो चपला न काढताच खुर्चीत बसला.

"तिचं तोंड सुजलंय," तो म्हणाला. "डोळे उघडत नाहीत. तापानं फणफणलीय. काचा तपासणारं तुमच्याकडे दुसरं कोण आहे?"

"मी एकटीच. आणि फिल्म बेकायदा होती. बत्तीस आकडा आला. नियम..."

"नियम राहू दे. मी मुदतीचं विचारतोय. मुदत का नाही दिलीस?"

तिनं उलट हल्लाच केला. "इतका कळवळा होता तर बसवताना कुठे होतात? पुढच्या काचेला असली फिल्म चालत नाही हे शेंबडं पोरही सांगेल!"

"बसवताना मी तिथेच होतो," मास्तर म्हणाला. "दुकानदार म्हणाला डॉक्टरांच्या पत्रावर चालतं. मला शंका होती. घरी येऊन तुला विचारणार होतो. या गावात काचेचं तुझ्याइतकं कुणाला कळतं? पण तिचं नाव काढलं की तुझा चेहरा कसा होतो ते आठवलं आणि म्हटलं, जाऊ दे."

तो उठून आत गेला. नवऱ्यानं काचेश्वरीला विचारायचं टाळलं होतं, आणि का टाळलं होतं तेही तिला पटत होतं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं तिला वाटलं.

पुढच्या सुट्टीला ती सूरवालीच्या घरी गेली. मास्तरला न सांगता. दार उघडलं ते अर्धवटच. आतल्या खोलीत जाड पडदे ओढलेले, मधोमध पोट उघडून ठेवलेला पियानो, जमिनीवर ओळीनं मांडलेल्या पट्ट्या. सूरवालीच्या गालावरची सूज उतरली होती, पण कपाळावर आणि डोळ्यांभोवती कातडी सोलून निघाली होती.

"बसा," ती म्हणाली. पाणी विचारलं नाही.

"मी माफी मागायला आलेय."

"कशाची? तुम्ही तर नियमानं वागलात."

काचेश्वरीनं मान खाली घातली.

"मला त्याच दिवशी कळलं होतं तुम्ही कोण ते," सूरवाली म्हणाली. "तुम्ही काचेकडे एकदा बघितलंत आणि माझ्याकडे दहादा. मी काय केलंय तुमचं?"

"माझा नवरा तुमच्याबद्दल बोलायचा तेव्हा..." काचेश्वरी पियानोकडे बघत म्हणाली. "माझ्याबद्दल बोलताना तो तसा दिसत नाही."

सूरवालीनं पियानोची एक पट्टी उचलून हातात फिरवली. "खोटं कशाला बोलू? मला सर आवडतात. लहानपणापासून मला सगळे सांगत आले, तू हे करू नकोस, तिथे जाऊ नकोस. ते पहिले, ज्यांनी म्हटलं, चला, चावी फिरवा. त्यापुढे काही नाही, आणि होणारही नाही. त्यांना काय वाटतं ते मला विचारू नका. त्यांना विचारा."

काचेश्वरीला वाटलं होतं ही नाकारेल, रडेल, शपथा घेईल. असलं सरळ उत्तर पचवायला जड होतं. ते पचलं नाहीच. पण तिनं पर्स उघडली आणि एका दुकानाचा पत्ता पुढे केला.

"एक पारदर्शक फिल्म मिळते. दिसायला साधी काच, पण अंग भाजणारे किरण अडवते. नीट बसवली तर सत्तरच्या वर उजेड आत येतो. पुढच्या काचेला कायद्यानं चालते. याच दुकानात जा. बाकीचे काहीही गळ्यात मारतात."

"हे त्या दिवशी का नाही सांगितलंत?"

"तुम्हाला त्रास व्हावा असं वाटत होतं म्हणून."

सूरवालीनं तिच्याकडे टक लावून पाहिलं. "दार ओढून घ्या जाताना," ती म्हणाली. "उजेड येतो."

महिन्याभरानं निळी गाडी नवी फिल्म लावून, तिच्या तपासणीसाठी पुन्हा रांगेत आली. काचेश्वरीनं यंत्र लावलं. एकाहत्तर. तिनं दुसऱ्या कोपऱ्यात लावलं, तिथेही एकाहत्तर. शिक्का मारून तिनं पावती दिली. दोघी एकमेकींशी कामापुरतं बोलल्या. गाडी वळून सफाईनं फाटकाबाहेर गेली. गिअर बदलल्याचा धक्कासुद्धा जाणवला नाही, आणि काचेश्वरीला पुन्हा तीच जुनी कळ आली. माफी मागितली की हेवा जातो असं कुणी तिला सांगितलं असतं, तर तिनं आता त्याला वेड्यात काढलं असतं.

त्या संध्याकाळी तिनं रेडिओ बंद केला.

"अहो, एक विचारू? ती तुम्हाला आवडते?"

मास्तरचा घास हातातच राहिला. टाळाटाळ करायला त्याला वाव होता, पण त्यानं ती केली नाही. "तिच्याशी बोलायला आवडतं," तो सावकाश म्हणाला. "मी काही सांगितलं की ती त्यातून नवीनच काहीतरी काढते. मला वाटतं, आपण अजून अगदीच जुने नाही झालो."

"आणि माझ्याशी?"

"तू हल्ली बोलू देतेस कुठे?"

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. ते तिनं पदरानं नाही, मनगटानं पुसलं, कामावर घाम पुसायची तसं. "रविवारी तिला जेवायला बोलवा," ती म्हणाली. "अंधार पडल्यावर."

"तुला त्रास होईल."

"होऊ दे. न बघता जास्त होतो."

रविवारी सूरवाली आली. येताना स्वतः गाडी चालवत आली. जेवताना ती आणि मास्तर इंजिनांच्या आवाजावरून बोलत राहिले आणि मास्तरचा चेहरा तसाच उजळला. काचेश्वरी समोर बसून बघत होती. त्रास झालाच. तरी तिनं दोघांच्याही भातावर आमटी वाढली. मग सूरवालीनं अचानक तिच्याकडे वळून विचारलं, "तो सासूवाला खरंच होता का हो? सर सांगत होते."

काचेश्वरीनं नवऱ्याकडे पाहिलं. हे त्यानं त्या दुसरीला सांगितलं होतं. कधी, कुठे, गाडीत बसून, हसत हसत. तिला ते टोचलं. आणि तरीही, आपली गंमत आपल्या पाठीमागे कुणाला तरी सांगावीशी वाटली याला, हेही तिच्या ध्यानात आलं.

"होता ना," ती ताट सरकवत म्हणाली. "पण यांना नीट सांगता येत नाही. थांबा, मी सांगते."